मध्ययुगीन युरोपात मठाच्या प्रमुख साध्वीकडे खरंच राजकीय सत्ता असायची का?

हो, आणि नुसती नावापुरती नाही. जर्मनीतल्या क्वेडलिनबुर्गची माटिल्डा घ्या. सम्राट पहिल्या ओटोची ही मुलगी ९६६ मध्ये, अवघ्या अकराव्या वर्षी मठाची प्रमुख झाली. अर्थात, राजघराण्यातली नसती तर त्या वयात कोणी विचारलंही नसतं! ९९४ मध्ये क्वेडलिनबुर्गला बाजार भरवण्याचा, नाणी पाडण्याचा आणि जकात घेण्याचा हक्क मिळाला. म्हणजे पैशाची सोय झाली. खरी कसोटी ९९७ मध्ये लागली. तिचा भाचा, तेव्हाचा सम्राट तिसरा ओटो, इटलीच्या मोहिमेवर गेला आणि जाताना राज्यकारभार आत्याकडे सोपवून गेला. पुढच्याच वर्षी तिने डेरेनबुर्गला सरदारांची सभा भरवली. ९९९ मध्ये ती वारली. मठ मग तिसऱ्या ओटोच्या बहिणीकडे, आडेलहाइडकडे गेला. सत्ता घरातच राहिली.