प्रोजेक्टर शोधू नकोस

प्रिय,

पंचवटीतल्या वाड्याच्या माळ्यावर आठ मिलिमीटरची रिळं निघाली आणि एका डब्यावर ‘पूर, १९६९’ असं लिहिलंय, हे वाचून मी खुर्चीवरून उठलोच. पण पुढच्याच ओळीत तू प्रोजेक्टर कुठे मिळेल असं विचारलंस. तो शोधूच नकोस.

मी ती चूक केली आहे. एका काकांनी विश्वासानं दिलेलं त्यांच्या लग्नाचं रीळ मी उत्साहाच्या भरात जुन्या प्रोजेक्टरवर चढवलं. फिल्म आकसलेली होती. भोकं दात्यांवर बसेनात आणि कडा फाटत गेल्या. काका “राहू दे” एवढंच म्हणाले. त्यांच्या आईचं चालतंफिरतं रूप तेवढ्याच फिल्मवर होतं.

आधी डबा उघडून वास घे. व्हिनेगरसारखा आंबट वास आला तर अ‍ॅसिटेट फिल्म (म्हणजे त्या जातीच्या प्लास्टिकवरची) कुजायला लागली, असं समज. हे कुजणं उलटवता येत नाही. थंड, कोरड्या जागी फक्त त्याचा वेग कमी होतो. पत्र्याखालचा माळा, वैशाखाचं ऊन आणि मागोमाग श्रावणातली ओल, फिल्मसाठी याहून वाईट जागा नाही. आंबट वासाची रिळं बाकीच्यांपासून वेगळी काढ आणि स्कॅनिंगला आधी तीच पाठव. गंजलेल्या डब्यावरच्या चिठ्ठीचाही फोटो काढून ठेव.

दादासाहेब फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ चार रिळांचा होता. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात त्यातलं पहिलं आणि शेवटचं तेवढं उरलं आहे, असं म्हणतात. फाळक्यांच्या गावात राहून मला ते फार लागतं.

चिठ्ठीवर मात्र डोळे मिटून विश्वास ठेवू नकोस. डबे अदलाबदल होतात. कोडॅकच्या फिल्मच्या कडेला बारीक चौकोन, त्रिकोण, वर्तुळ छापलेलं असतं. त्यावरून ती कुठल्या साली तयार झाली ते कळतं. पण त्या खुणा वीस वर्षांनी पुन्हा येतात, शिवाय फिल्म विकत घेऊन वर्षभर तशीच पडलेली असू शकते. म्हणून चित्रातलं बघ: ज्याच्यावरून नाशिककर पुराची उंची मोजतात त्या दुतोंड्या मारुतीच्या मूर्तीला पाणी कुठवर लागलंय, घाटावर कुठल्या पाट्या आहेत. दुसऱ्या वर्षाचा पूर १९६९ चा म्हणून दाखवलास, तर त्या वर्षी ज्यांची घरं पाण्यात गेली त्यांच्याशी खोटं बोलल्यासारखं होईल.

स्कॅन करणाऱ्याला पूर्ण चौकट घ्यायला सांग, कडेच्या भोकांसकट. ओरखडे पुसायचे ते नंतर, प्रतीवर. अशी मूक फिल्म बहुधा सेकंदाला सोळा किंवा अठरा चौकटींनी चित्रित व्हायची. तीच पंचवीसनं चालवलीस तर पुरातून चिमुरड्यांना खांद्यावर घेऊन निघालेली माणसं विनोदी पळताना दिसतील. आणि स्कॅन झालं म्हणून मूळ रीळ टाकायचं नाही, ते वाड्यात परत गेलं पाहिजे.

वाड्यातल्या आजींची परवानगी लेखी घे, कुठे आणि किती वापरणार ते स्पष्ट लिहून. पण आधी स्कॅन त्यांना घरी जाऊन दाखव. शेजारी रेकॉर्डर ठेव. चित्रात कोण कोण आहे, ते सांगणारं दुसरं कुणी आता नाही.

रविवारी सकाळी डबे घेऊन ये. गाडीच्या डिकीत उन्हात ठेवू नकोस.

तुझा,
काका