बडोद्याच्या म्युझियमचे जर्मन डायरेक्टर

प्रश्न: बडोद्याच्या म्युझियममध्ये गाइड सांगत होता की इथे पूर्वी गोएट्झ नावाचे जर्मन डायरेक्टर होते. सयाजीराव महाराज तर १९३९ मध्येच गेले, मग यांना आणलं कोणी? आणि एवढा विद्वान माणूस संस्थानाची नोकरी का करत बसला, अभ्यास मागे पडला नाही का?

उत्तर: गाइडने बरोबर सांगितलं. हरमान गोएट्झ, जन्म १८९८, गाव कार्ल्सरूह. महाराजांनी त्यांना आणलं नाही, पण बाहेरचा जाणकार बोलावून त्याच्यावर विश्वास टाकायची रीत महाराजांचीच. गोएट्झच्या आधी तिथे अर्न्स्ट कोन-वीनर होते, तेही जर्मन, ज्यू असल्यामुळे हिटलरच्या राज्यातून बाहेर पडलेले. ते १९३९ मध्ये बडोदा सोडून गेले. गोएट्झ हॉलंडमधल्या लायडनच्या कर्न इन्स्टिट्यूटमधून, म्हणजे भारताचा अभ्यास करणाऱ्या संस्थेतून, १९३६ मध्ये भारतात आले होते, आणि १९४० पासून म्युझियम त्यांच्याकडे आलं. तो काळ डोळ्यासमोर आणा, महायुद्ध सुरू, इंग्रज सरकार जर्मन दिसला की शत्रुराष्ट्राचा नागरिक म्हणून उचलून आपल्या अहमदनगरच्या, मग देवळालीच्या, नंतर देहरादूनच्या छावणीत टाकतंय, आणि अशात एक संस्थान जर्मन माणसाच्या हाती आपला सगळा संग्रह देतं! मला याचं फार मोल वाटतं.

आता नोकरीचं. म्युझियममधलं सगळंच त्यांच्या विषयातलं नव्हतं, तिथे युरोपियन पेंटिंग्ज आहेत, इजिप्तची ममी आहे, १९४४ मध्ये महीच्या मुखापाशी लागलेल्या देवमाशाचा सांगाडाही तिथेच आला. पण अभ्यास मागे पडला असं मी तरी म्हणणार नाही. त्यांच्याच काळात म्युझियमचं बुलेटिन सुरू झालं, कपाटातल्या वस्तूंवर नीट लेख छापून यायला लागले, म्हणजे बडोद्याला न येणाऱ्यालाही कळायला लागलं की इथे काय आहे. माझ्या मते त्यांचं सगळ्यात मोठं काम हेच.

त्यांची नजर कशी होती ते सांगतो. म्युनिकला त्यांनी पीएचडी केली ती मुघल दरबारातल्या कपड्यांवर. तुम्हाला वाटेल कपड्यांवर काय पीएचडी, पण जुन्या मिनिएचरवर, म्हणजे छोट्या बारीक चित्रांवर, बऱ्याचदा ना चित्रकाराचं नाव ना साल, मग काळ ठरवायचा कशावरून? जाम्यावरून, म्हणजे दरबारी लोकांच्या घेरदार अंगरख्यावरून! अकबराच्या काळात खालच्या घेराला टोकं असलेला चाकदार जामा दिसतो, पुढे तो मागे पडतो, जामा लांब होत जातो आणि अठराव्या शतकात पार घोट्यापर्यंत येतो, कंबर वर चढते. पगडीचा आकार, पटक्याची, म्हणजे कमरेला बांधायच्या शेल्याची, नक्षी, सगळं बदलतं. जाम्याचे बंद काखेखाली उजवीकडे असतील तर माणूस मुसलमान, डावीकडे असतील तर हिंदू, इतकं बारीक बघावं लागतं. राजाचा चेहरा चित्रकार मनाने काढेल हो, पण कपडे तो रोज जे बघतो तेच काढणार. आणि हे सगळं शिकायला मूळ चित्रं हाताखाली लागतात, ती म्युझियमवाल्यालाच मिळतात, म्हणून नोकरी आणि अभ्यास वेगळे काढताच येत नाहीत.

आपल्यासाठी तर अजून जवळची गोष्ट आहे. तेव्हा सर्रास असं लिहिलं जायचं की औरंगजेब १७०७ मध्ये गेला आणि मग सगळा ऱ्हासच. गोएट्झनी १९३८ च्या पुस्तकात याला विरोध केला, राज्यं कोसळत होती हे खरं, पण कला आणि राहणी त्याच काळात जास्त नाजूक, जास्त संपन्न झाली असं त्यांचं म्हणणं. तो काळ म्हणजे आपली पेशवाई, शिंदे, होळकर. अहिल्याबाईंनी काशी विश्वनाथाचं मंदिर बांधलं ते १७८० मध्ये, त्याला ऱ्हास कसं म्हणायचं? सगळं पटेलच असं नाही, अठराव्या शतकात सामान्य माणसाचे लढायांमुळे जे हाल झाले ते दरबारी चित्रात दिसत नाहीत, हा आक्षेप राहतोच. पण वाद उभा केला हे महत्त्वाचं.

बडोद्याहून ते दिल्लीला गेले. जयपूर हाउसमध्ये १९५४ च्या मार्चमध्ये नॅशनल गॅलरी ऑफ मॉडर्न आर्ट उघडली, तिची सुरुवातीची जबाबदारी त्यांच्याकडे होती, आणि उद्घाटनाचं प्रदर्शन होतं शिल्पांचं, रामकिंकर बैज वगैरे तेव्हाच्या हयात कलाकारांचं. मुघल जाम्यात आयुष्य घालवलेल्या माणसाने हेही तितक्याच मनापासून केलं. नंतर ते जर्मनीत हायडेलबर्गला शिकवत होते, तिथेच १९७६ मध्ये गेले. बुलेटिनचे जुने अंक एखाद्या जुन्या लायब्ररीत मिळाले तर जरूर वाचा.