कॅनडाच्या प्रेअरीत (मध्य-पश्चिमेकडच्या सपाट गवताळ, शेतीच्या प्रदेशात) शेतातलं खत नदीत जाऊ नये म्हणून काय करतात?

मुख्यतः पाणी वरच्या अंगालाच अडवून ठेवतात. पण तिथलं गणित आपल्याकडच्यापेक्षा वेगळं आहे.

मॅनिटोबा या प्रेअरीतल्या प्रांतात वर्षभरातलं बहुतेक पाणी पावसाळ्यात नाही, वसंतात बर्फ वितळताना वाहतं. जमीन गोठलेली असते, त्यामुळे पाणी मुरत नाही. ते शेतावरचा फॉस्फरस (खतातलं एक पोषकद्रव्य) घेऊन रेड नदीत आणि तिथून विनिपेग सरोवरात जातं. सरोवराला मिळणाऱ्या पाण्यात रेड नदीचा वाटा लहान, पण फॉस्फरस सर्वांत जास्त तीच आणते. उन्हाळ्यात त्यावर नील-हरित शैवाल माजतं.

मॅनिटोबातल्याच साउथ टोबॅको क्रीक या ओढ्याच्या पाणलोटात शेतकऱ्यांनी १९८४ साली संघटना उभी केली आणि लहान लहान मातीचे बांध घातले. पुराचा जोर कमी झाला, गाळही अडला. याच पाणलोटातल्या अभ्यासातून एक अनपेक्षित गोष्टही कळली: कमी नांगरट केल्याने माती वाचते, पण बर्फाच्या पाण्यात विरघळलेला फॉस्फरस वाढतो, कारण तो वरच्या थरात आणि पिकाच्या अवशेषांत साचून राहतो. म्हणून दुसरीकडचा उपाय जसाच्या तसा उचलू नये, असं मला फार तळमळीने वाटतं.

पाणथळ जागा बुजवू न देणं हे तितकंच महत्त्वाचं. मॅनिटोबात २०२० पासून जल-मृदा संवर्धनाच्या जिल्ह्यांची आखणी पाणलोटाच्या सीमांनुसार झाली आहे; असे १४ पाणलोट जिल्हे आहेत. अडचण एकच, रेड नदी अमेरिकेतून येते. तिथल्या शेतकऱ्यांची साथ नसेल तर खाली मॅनिटोबात केलेलं काम अपुरंच पडतं.