हिंडेलँग पुरस्कार मिळालेल्या पुस्तकांपैकी आधी कोणतं वाचावं?

तुम्ही लिहिलंय की एम.ए.ला गुन्हेगारीशास्त्र घेतलंय, अमेरिकन सोसायटी ऑफ क्रिमिनॉलॉजी उत्कृष्ट संशोधनपर पुस्तकाला जो हिंडेलँग पुरस्कार देते त्याची यादी मिळाली, पण सगळी वाचायला वेळ नाही. मग सरळ जॉन लाउब आणि रॉबर्ट सॅम्पसन यांचं 'शेअर्ड बिगिनिंग्ज, डायव्हर्जंट लाइव्ह्ज' उचला. २००३ साली आलं, २००४ चा पुरस्कार त्याला मिळाला.

मी ते पहिल्यांदा वाचलं ते गोष्टीसाठी. शेल्डन आणि एलिनॉर ग्लूक या हार्वर्डमधल्या जोडप्याने बोस्टनच्या गरीब वस्त्यांतली १००० मुलं निवडली होती: ५०० सुधारगृहातली, ५०० कुठल्याच भानगडीत न सापडलेली. घर, आईबाप, शाळा, मारामाऱ्या, सगळं टिपलं. वयाच्या बत्तिसाव्या वर्षापर्यंत पाठपुरावा केला. पुढे ते कागद हार्वर्ड लॉ स्कूलच्या ग्रंथालयाच्या तळघरात खोक्यांत पडून राहिले. १९८०च्या दशकात ते लाउबच्या हाती लागले. सॅम्पसनसोबत त्याने ते संगणकावर चढवले, आणि मग दोघं त्या 'मुलां'ना शोधायला निघाले. मुलं कसली, सत्तरीला टेकलेले म्हातारे! सुधारगृहवाल्यांपैकी ५२ जण गाठून त्यांच्याशी सविस्तर बोलणं झालं. ही शोधाशोध कशी केली तो भाग अजिबात गाळू नका. पद्धतीशास्त्राच्या पेपरला गाईडपेक्षा जास्त उपयोगी पडेल.

निष्कर्ष आपल्या 'मुलाचे पाय पाळण्यात दिसतात' या म्हणीला छेद देणारा आहे. लहानपणीची माहिती कितीही चाळली तरी कोण आयुष्यभर गुन्हे करत राहील ते नेमकं सांगता येत नाही, आणि वय वाढतं तसे अट्टल म्हणावेत अशांचेही गुन्हे कमी होत जातात. लग्न, नोकरी, लष्कर यांनी कित्येकांची वाट बदलली. लग्नाचं तर फार रोखठोक मांडलंय: बायको संध्याकाळी घरी वाट बघते, जुने मित्र सुटतात, दिवसाला वेळापत्रक येतं. हृदयपरिवर्तन वगैरे झालंच तर नंतर. आपल्याकडे बातमीत नावामागे 'सराईत' लागलं की माणूस कायमचा सराईत. वाचताना मला तेच आठवत होतं.

उणीव मोठी आहे. सगळे पुरुष, सगळे गोरे, एकाच शहरातले. त्यामुळे इथली उदाहरणं तशीच उचलून आपल्या प्रबंधात चिकटवू नका.

ज्याच्या नावाने पुरस्कार आहे तो मायकेल हिंडेलँग अमेरिकेतल्या ऑल्बनीच्या विद्यापीठातला गुन्हेगारीशास्त्रज्ञ. १९८२ मध्ये, चाळिशीही न गाठता गेला. पोलिसांच्या नोंदी, पीडितांनी सांगितलेलं आणि पोरांनी स्वतः कबूल केलेलं, हे आकडे एकमेकांशी कितपत जुळतात हे तपासणं त्याचं काम. एन.सी.आर.बी.चे, म्हणजे पोलिसांच्या नोंदींवरून देशातल्या गुन्ह्यांचे आकडे काढणाऱ्या सरकारी विभागाचे, तक्ते वापरणार असाल तर तोही वाचावा लागेल.

दुसरं पुस्तक म्हणून शॅड मरुनाचं 'मेकिंग गुड', २००१ चा पुरस्कार. लिव्हरपूलमधले गुन्हे सोडलेले आणि न सोडलेले लोक स्वतःची कहाणी कशी सांगतात, यावर ते आहे. सोडलेले म्हणतात, 'मी मुळात चांगलाच होतो, मधे भरकटलो.' न सोडलेल्यांच्या बोलण्यात सगळं आधीच ठरून गेलेलं असतं. लाउब-सॅम्पसनच्या लगेच नंतर वाचलंत तर जमेल तिथे भांडणही लावता येईल: बायको आणि नोकरीने माणूस बदलतो, की स्वतःबद्दलची गोष्ट बदलल्याने? माझं मत पहिल्याकडे झुकतं.