गोव्यात राहून प्रॉडक्शन डिझायनर होता येतं का? आणि पुढे निर्माता?

पणजीच्या कला महाविद्यालयात शेवटच्या वर्षाला आहात, प्रॉडक्शन डिझायनर, म्हणजे सिनेमाचे सेट आणि एकूण रूप ठरवणारा माणूस व्हायचंय, पुढे स्वतःचे सिनेमे काढायचेत, तर मुंबईला जावंच लागेल का, असं विचारलंयत.

जावं लागेल. दोन-तीन वर्षं तरी. इथे शूटिंग भरपूर होतं, पण मुंबईचं युनिट डिझायनर, पेंटर, मोल्डर सगळे सोबत घेऊन उतरतं. आपल्याकडून त्यांना लागतात जुन्या खुर्च्या आणि त्या कुणाच्या माळ्यावर आहेत हे ठाऊक असलेला एक पोरगा. तो पोरगा मी ९ वर्षं होतो. इफ्फी, म्हणजे भारताचा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव, २००४ पासून पणजीत आहे म्हणून इथे इंडस्ट्रीही आहे, हे डोक्यातून काढा. शिगम्याचा चित्ररथ किंवा दिवाळीचा नरकासुराचा पुतळा बांधला असेल तर मात्र अर्धा अभ्यास झालेला आहे.

पण मी लिहायला बसलो ते तुमच्या त्या 'पुढे निर्माता'मुळे.

एका मराठी सिनेमात मी डिझायनर होतो आणि अर्धा भागीदारही. पैसे थोरल्या भावाचे, काजूच्या धंद्यातले. गोष्ट १९६१च्या आधीची, पोर्तुगीज अमदानीतली. सावईवेऱ्याला राजांगणाचं, मधोमध अंगण असलेलं सुंदर घर मिळालं, पण अंगणातल्या तुळशीवृंदावनाला मालकाने बाथरूमच्या चकचकीत फरशा लावलेल्या. काढू देईना. म्हटलं, वरून खोकं चढवू. प्लायचा सांगाडा, त्यावर पीओपी, ओल्यातच टोचून टोचून जांभ्या चिऱ्याची भोकं काढली. गेरू, काजळी, चहाचं पाणी. लाकडाचा भुसा हिरव्या रंगात भिजवून फेविकॉलने शेवाळ लावलं. ११ दिवस गेले. घरमालकाची आई सकाळी तिथे पाणी घालायला आली आणि हात लावून बघत राहिली. एवढं कौतुक मला आजवर कुणी केलेलं नाही.

मग हिरोच्या तारखा पुढे गेल्या. मे महिन्याच्या अखेरचं शूटिंग जूनमध्ये आलं आणि पहिल्याच रात्री पाऊस कोसळला. पीओपी पाणी प्यायलं, प्लाय फुगला, शेवाळ हिरवं पाणी होऊन अंगणभर पसरलं. वॉटरप्रूफिंग आणि वर ताडपत्रीचा मांडव, हा खर्च डिझायनरने बजेटात लिहिला होता. निर्मात्याने कापला. दोघेही मीच.

दोन दिवस युनिट बसून जेवलं. तिसऱ्या दिवशी भावाने गवंडी आणि ६० चिरे आणले, फरशांभोवती रचले, सांधे चिखलाने बुजवले. दुपारी काम संपलं. खर्च माझ्या खोक्याच्या चौथाईसुद्धा नव्हता. भाऊ एवढंच म्हणाला, "तूं रंगारी. तुका हिसोब जमचो ना."

आता सांगा, ताजे चिरे लालभडक दिसतात की नाही? पडद्यावर ते वृंदावन कालच बांधल्यासारखं दिसतं. प्रेक्षकांना कळत नाही म्हणे. मला कळतं ना.

२ ऑगस्ट २०२३ला कलादिग्दर्शक नितीन देसाई गेले, त्या संध्याकाळी भावाने मला बातमी पाठवली. खाली एक शब्द नाही. कलादिग्दर्शनाचे ४ राष्ट्रीय पुरस्कार, 'लगान', 'देवदास', २००५ साली कर्जतला स्वतःचा स्टुडिओ, २०११ला 'बालगंधर्व'ची निर्मिती, आणि शेवटी कर्जाचा डोंगर. भावाला काय सुचवायचं होतं ते समजलं. पण स्टुडिओचं कर्ज वेगळं आणि एका सिनेमाचं बजेट वेगळं. आणि तो माणूस कलादिग्दर्शक नितीश रॉय यांच्या हाताखाली सहायक म्हणून शिकला होता, हे बातमीत कोण वाचतो? सेट करणाऱ्याला पैसा कळतोच, रोज प्लायचा भाव तोच काढत असतो. त्याला कळत नाही ते स्वतःला नाही म्हणणं. म्हणून निर्माते व्हा, पण त्या सिनेमाचा सेट दुसऱ्याला द्या. मी दिला नाही.

हो, मी कुठलाही कोर्स केलेला नाही, तेव्हा माझं प्रमाण मानू नका. पुण्याच्या एफटीआयआय या सरकारी फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये कलादिग्दर्शन आणि प्रॉडक्शन डिझाइन शिकवतात. तिथे जमलं तर मुंबईत उमेदवारी करण्याआधी तेच करा. मानधनाचं विचारलंयत, ते कामागणिक बदलतं, आणि शेवटचा हप्ता शूटिंग संपायच्या आत घ्यायचा.

आणि दादा, तू हे वाचणार आहेसच. ताडपत्री मी कापली, कबूल. पण चिऱ्यांवर निदान दोन बादल्या शेणपाणी मारू दिलं असतंस.