बेसबॉलमधला सगळ्यांत लांबलेला सामना कोणता, आणि तो विक्रम आता मोडता येईल का?

प्रश्न विचारणाऱ्यांनी लिहिलंय की बेसबॉलमध्ये बरोबरी झाली तर निकाल लागेपर्यंत खेळत राहतात, हे ऐकून आश्चर्य वाटलं. मग आजवरचा सगळ्यांत लांबलेला व्यावसायिक सामना कोणता, तो इतका का लांबला आणि आज तसं घडू शकतं का, असं त्यांना विचारायचं आहे.

आधी थोडक्यात उत्तर देतो. सामना ३३ इनिंगचा, वेळ ८ तास २५ मिनिटं. पॉटकेट रेड सॉक्स विरुद्ध रॉचेस्टर रेड विंग्ज, मकॉय स्टेडियम, पॉटकेट, ऱ्होड आयलंड. सुरुवात १८ एप्रिल १९८१ ला झाली आणि शेवट २३ जूनला. हा मेजर लीगचा, म्हणजे अमेरिकेतल्या सर्वोच्च स्तरावरचा सामना नव्हता. मेजर लीगच्या लगेच खालची पायरी म्हणजे ट्रिपल-ए, त्या स्तरावरचा होता. नेहमीच्या हंगामात हा विक्रम मोडणं आता जवळपास अशक्य आहे, कारण दरम्यान नियमच बदलला.

आता सविस्तर. मी मॅसॅच्युसेट्समध्ये राहतो आणि पॉटकेटचा संघ वूस्टरला हलला त्याच्या आधी मकॉयवर सामने पाहिलेत, त्यामुळे या विषयावर मला जरा जास्तच बोलावंसं वाटतं.

क्रिकेट पाहणाऱ्यांसाठी एवढंच सांगतो की बेसबॉलमध्ये षटकं नाहीत आणि घड्याळही नाही. नऊ इनिंग असतात, प्रत्येक इनिंगमध्ये दोन्ही संघ आळीपाळीने बॅटिंग करतात आणि तीन गडी बाद झाले की पाळी संपते. चेंडू टाकणारा तो पिचर. बॅटर पहिल्या, दुसऱ्या, तिसऱ्या बेसवरून फिरून होम प्लेटवर, म्हणजे घरी परतला की एक धाव. नवव्या इनिंगनंतर बरोबरी असेल तर दहावी, तरीही बरोबरी असेल तर अकरावी. पाहुणा संघ आधी बॅटिंग करतो, यजमान नंतर. नवव्या इनिंगपासून पुढे यजमानांनी आपल्या पाळीत आघाडी घेतली की सामना त्याच क्षणी संपतो. क्रिकेटमध्ये पूर्वी निकालापर्यंत चालणारे कसोटी सामने असायचे. १९३९ साली डर्बनला इंग्लंड ६९६ धावांचा पाठलाग करत ५ बाद ६५४ पर्यंत पोचलं आणि दहाव्या दिवशी जहाज सुटायची वेळ झाली म्हणून सामना अनिर्णित सोडावा लागला. क्रिकेटने त्यानंतर तो प्रकार बंद केला. बेसबॉलने मात्र परवा-परवापर्यंत जपला.

पॉटकेटच्या त्या रात्रीची सुरुवातच अडखळत झाली. दिव्यांचा घोळ झाला आणि खेळ अर्धा तास उशिरा सुरू झाला. शनिवार होता, दुसऱ्या दिवशी ईस्टर. मैदानात १,७४० प्रेक्षक. रॉचेस्टरने सातव्या इनिंगमध्ये एक धाव काढली, पॉटकेटने नवव्या इनिंगच्या शेवटच्या पाळीत बरोबरी केली. इथवर काहीच वेगळं नाही, अशा लढती दर आठवड्याला होतात. पण पुढे दहावी कोरी, अकरावी कोरी, बारावी कोरी आणि तशीच थेट विसावीपर्यंत.

असं का झालं, तर मुख्य कारण वारा. न्यू इंग्लंडमधला एप्रिल म्हणजे नावापुरता वसंत. त्या रात्री बोचरा गारठा होता आणि वारा बाहेरून मैदानात घुसत होता. बेसबॉलमध्ये अशा अडलेल्या सामन्याची कोंडी बहुतेक वेळा एका होमरनने, म्हणजे कुंपणापार मारलेल्या फटक्याने फुटते. इथे कुणी जीव तोडून चेंडू उंच मारला की वारा तो परत आत आणायचा. पॉटकेटच्या सॅम बोवनने सव्विसाव्या इनिंगमध्ये मारलेला चेंडू कुंपणापार जाणार असं वाटत असताना वाऱ्याने फिरवला आणि तो झेलला गेला, ही त्या रात्रीची सगळ्यांत जास्त सांगितली जाणारी आठवण आहे. त्यात थंडीने हात बधिर झालेले. गारठलेल्या हातांनी बॅट चेंडूवर आपटली की झिणझिण्या कोपरापर्यंत जातात. खेळाडूंनी मोडक्या बॅटी आणि बाकांच्या फळ्या पिंपात टाकून शेकोटी केली आणि तिच्याभोवती आपापल्या पाळीची वाट पाहिली.

एकविसाव्या इनिंगमध्ये शेवटी रॉचेस्टरने एक धाव काढली. सुटलो, असं दोन्हीकडच्या लोकांना वाटलं असणार. पण पॉटकेटच्या पाळीत वेड बॉग्जने डबल मारला, म्हणजे एका फटक्यात दुसऱ्या बेसपर्यंत मजल, आणि परत बरोबरी, २-२. आपलेच सहकारी आता मिठी मारतील की ठोसा लगावतील हेच कळत नव्हतं, असं बॉग्ज पुढे सांगायचा. बावीसाव्या इनिंगमध्ये पॉटकेटचे मॅनेजर जो मॉर्गन यांनी अंपायरशी वाद घातला आणि त्यांना बाहेर काढण्यात आलं. तरी ते घरी गेले नाहीत. एका फटीतून बघत राहिले.

मग हा खेळ कुणी थांबवला कसा नाही? या लीगमध्ये रात्री १२:५० नंतर नवी इनिंग सुरू करायची नाही असा नियम होता. पण त्या वर्षी अंपायरांच्या हाती पडलेल्या नियमपुस्तिकेत तो छापलाच गेला नव्हता. पुस्तकात नाही म्हणजे आम्ही थांबवणार नाही, अशी अंपायरांची भूमिका. काही जण त्यांना दोष देतात, मला तो पटत नाही. बरोबरीत असलेला सामना आपल्या मनाने थांबवणं हा अंपायरचा अधिकारच नाही. पॉटकेटच्या लोकांनी लीगचे अध्यक्ष हॅरल्ड कूपर यांना फोन लावायला सुरुवात केली. ते सापडेपर्यंत पहाट झाली, आणि चालू इनिंग संपली की थांबा, असा निरोप आला. बत्तिसाव्या इनिंगमध्ये रॉचेस्टरचा एक धावपटू दुसऱ्या बेसवरून घराकडे झेपावला. त्याच सॅम बोवनने आउटफिल्डमधून केलेल्या फेकीवर तो होम प्लेटवर बाद झाला. ती धाव झाली असती तर सामना तिथेच निकाली निघू शकला असता. पहाटे ४:०७ ला खेळ थांबला तेव्हा धावफलक २-२ होता आणि मैदानात फक्त १९ प्रेक्षक उरले होते. त्यांना पॉटकेट क्लबने मोफत पास दिले. खेळाडूंना तेवढीही उसंत नव्हती, कारण त्याच दिवशी दुपारी त्यांचा पुढचा सामना होता.

पॉटकेटचा पिचर लुइस अपॉन्टे आपलं काम आटोपून पहाटे घरी गेला, तर मैदानावर होतो हे त्याच्या बायकोला खरंच वाटेना. बेसबॉल एवढा उशिरापर्यंत चालतो, यावर कोण विश्वास ठेवणार? रविवारच्या पेपरात पुरावा मिळायचीही सोय नव्हती, कारण पेपर छापायला गेला तेव्हा सामना चालूच होता.

या सामन्यात मला सगळ्यांत मोठा माणूस वाटतो तो जिम अंबार्गर. रॉचेस्टरचा राखीव पिचर. तो तेविसाव्या इनिंगला उतरला आणि बत्तिसाव्यापर्यंत सलग दहा इनिंग टाकल्या, एकही धाव दिली नाही. गारठ्यात, पहाटे तीन-चारला, रिकाम्या मैदानात. बेसबॉलमध्ये सामन्याचा विजय आणि पराभव एकेका पिचरच्या नावावर लिहितात, पण त्याच्या नावावर ना विजय लागला ना पराभव. त्याच्याच संघाच्या डॅलस विल्यम्सची रात्र मात्र उलटी गेली, १३ प्रयत्नांत एकही हिट नाही.

दोन महिन्यांनी, २३ जूनला, रॉचेस्टरचा संघ पुन्हा पॉटकेटला आला तेव्हा उरलेला सामना खेळवला गेला. मधल्या काळात १२ जूनपासून मेजर लीगचे खेळाडू संपावर गेले होते. अमेरिकेत त्या दिवशी बघण्यासारखं बेसबॉल दुसरं नव्हतंच, त्यामुळे देशभरातले पत्रकार या छोट्या गावात लोटले आणि ५,७४६ प्रेक्षक आले. सगळा खेळ १८ मिनिटांत आटोपला. तेहेतिसाव्या इनिंगमध्ये बॉब ओहेडाने रॉचेस्टरला धाव करू दिली नाही. पॉटकेटच्या पाळीत तिन्ही बेस भरले, एकही गडी बाद नाही, आणि डेव्ह कोझाने लेफ्ट फील्डकडे मारलेल्या चेंडूवर मार्टी बॅरेट घरी आला. ३-२. हरलेला पिचर म्हणून स्टीव्ह ग्रिलीचं नाव लागलं. तो एप्रिलमध्ये रॉचेस्टरच्या संघात नव्हताच.

दोन्ही संघांचे तिसऱ्या बेसवरचे खेळाडू पुढे हॉल ऑफ फेममध्ये गेले: पॉटकेटचा वेड बॉग्ज आणि रॉचेस्टरचा कॅल रिपकेन ज्युनिअर, ज्याने नंतर सलग २,६३२ सामने खेळायचा विक्रम केला. कोझाला मात्र मेजर लीगचा एकही सामना मिळाला नाही. ट्रिपल-ए म्हणजे हेच. एकाच गाडीत बसलेल्यांपैकी कुणाचं स्टेशन पुढच्या वर्षी येतं, कुणाचं कधीच येत नाही. पहाटे चारलाही ही मंडळी मन लावून का खेळत होती, हे समजायला त्यांच्या पगाराच्या चिठ्ठ्या बघायला नकोत. वर जायची एक संधी वाया घालवणं त्यांच्यापैकी कुणालाही परवडणार नव्हतं.

मकॉयची एक खासियत सांगतो. तिथे मैदान खाली होतं आणि पहिली रांग खेळाडूंच्या डगआउटच्या बरोबर वर यायची, त्यामुळे स्वाक्षरी मागायला खेळाडू समोर दिसायचेच नाहीत. पोरं दुधाचा प्लास्टिकचा कॅन कापायची, त्यात चेंडू आणि पेन ठेवायची आणि दोरीने खाली सोडायची. खालून कुणीतरी सही करायचा, दोरीला हिसका द्यायचा, की कॅन वर. तेहेतीस इनिंगच्या फलकासमोर उभं राहण्यापेक्षा मला त्या दोऱ्यांकडे बघत बसायला जास्त आवडायचं.

मेजर लीगचा विक्रम वेगळा आहे. १ मे १९२० ला बॉस्टनमध्ये ब्रुकलिन आणि बॉस्टन ब्रेव्ज २६ इनिंग खेळले आणि अंधार पडल्यामुळे १-१ असा सामना सोडून द्यावा लागला. तेव्हा दिवे नव्हते. लिऑन कॅडोर आणि जो ओश्गर या दोन पिचरनीच सगळ्या २६ इनिंग टाकल्या, बदली कुणी नाही, आणि वेळ लागला फक्त ३ तास ५० मिनिटं. आज पिचरने सहा इनिंग टाकल्या तरी वाहवा होते. ब्रुकलिनची पुढची कहाणी तर अजब आहे. दुसऱ्या दिवशी ते फिलाडेल्फियाकडून १३ इनिंगमध्ये हरले, तिसऱ्या दिवशी पुन्हा बॉस्टनकडून १९ इनिंगमध्ये. तीन दिवसांत ५८ इनिंग आणि एकही विजय नाही. वेळेच्या हिशोबात मेजर लीगचा विक्रम १९८४ चा, शिकागो व्हाइट सॉक्स आणि मिलवॉकी ब्रूअर्सचा, २५ इनिंग, ८ तास ६ मिनिटं. तोही दोन दिवसांत मिळून.

आणि १९८५ च्या ४ जुलैचा अटलांटाचा सामना सांगितल्याशिवाय मला राहवत नाही. पावसाने मधे-मधे थांबलेला, न्यूयॉर्क मेट्स विरुद्ध अटलांटा ब्रेव्ज. अठराव्या इनिंगमध्ये ब्रेव्ज एका धावेने मागे, दोन गडी बाद, आणि बदली बॅटर सगळे संपलेले. म्हणून पिचर रिक कॅम्पलाच बॅट घेऊन जावं लागलं. संघातला सगळ्यांत कच्चा बॅटर. दोन स्ट्राइक पडल्यावर (तिसऱ्याला बॅटर बाद होतो) त्याने होमरन मारला, त्याच्या कारकिर्दीतला एकमेव. पुढच्या इनिंगमध्ये मेट्सनी पाच धावा केल्या, ब्रेव्जनी दोन फेडल्या आणि शेवटचा गडी म्हणून बाद झाला तोही कॅम्पच. १६-१३. पहाटेचे ३:५५ झाले होते. स्वातंत्र्यदिनाची आतषबाजी ठरलेली होती, ती त्यांनी चारच्या ठोक्यानंतर उडवली आणि आजूबाजूच्या घाबरलेल्या लोकांनी पोलिसांना फोन केले.

आता तुमच्या प्रश्नाचा शेवटचा भाग. २०१८ मध्ये मायनर लीगमध्ये, म्हणजे मेजर लीगच्या खालच्या स्तरांवर, आणि २०२० मध्ये, साथीच्या हंगामात, मेजर लीगमध्ये नवा नियम आला: दहाव्या इनिंगपासून प्रत्येक पाळी दुसऱ्या बेसवर एक धावपटू आयता उभा करूनच सुरू होते. एक बरा फटका आणि धाव तयार. २०२३ पासून मेजर लीगमध्ये तो कायमचा झाला. आता बहुतेक सामने दहाव्या-अकराव्यातच निकाली निघतात. जपानमध्ये तर नेहमीच्या हंगामात बारा इनिंगनंतर बरोबरीच मान्य करतात.

जुन्या चाहत्यांना हा नियम आवडत नाही. मला मायनर लीगपुरता तो योग्य वाटतो. वीस-बावीस वर्षांच्या पोराचा खांदा एका मंगळवारच्या सामन्यासाठी कायमचा जाण्यात कसलाही पराक्रम नाही. अंबार्गरचं कौतुक करताना हेही ध्यानात ठेवायला हवं की तशी वेळ कुणावर आणू नये. पण मेजर लीगच्या नेहमीच्या हंगामात, जिथे पिचरांची फौज बाळगायला पैसा आहे, तिथे निदान बाराव्या इनिंगपर्यंत तरी जुन्याच पद्धतीने खेळू द्यायला हवं होतं. न मारलेल्या फटक्याचा धावपटू बेसवर उभा करून मिळवलेला विजय मला अजूनही पूर्ण वाटत नाही.

ऑक्टोबरमधल्या प्लेऑफमध्ये (हंगामानंतरच्या बाद फेऱ्या) आणि वर्ल्ड सिरीजमध्ये (अंतिम मालिका) मात्र हा नियम लागू नाही. तिथे अजून जुनाच खेळ चालतो. २०१८ च्या वर्ल्ड सिरीजचा तिसरा सामना १८ इनिंग आणि ७ तास २० मिनिटं चालला. २०२५ च्या वर्ल्ड सिरीजचा तिसरा सामनाही १८ इनिंगच. डॉजर्सच्या फ्रेडी फ्रीमनने होमरन मारून टोरांटोला ६-५ असं हरवलं. म्हणजे ३३ चा आकडा मोडायचाच असेल तर तो ऑक्टोबरमध्येच मोडेल. प्लेऑफचा आजवरचा सर्वाधिक आकडा १८ आहे, तेव्हा शक्यता फारच कमी. तरी दार बंद नाही. ऑक्टोबरमध्ये नवव्या इनिंगनंतर बरोबरी दिसली आणि आपल्याकडे सकाळ असेल, तर सामना लावून ठेवा.