शोस्ताकोविचवरची पुस्तके : 'टेस्टिमनी'पासून सुरुवात करू नका

तुमची पोस्ट वाचली : सोव्हिएत संगीतकार दिमित्री शोस्ताकोविच यांचे आठवे स्ट्रिंग क्वार्टेट (चार तंतुवाद्यांसाठीची रचना) ऐकून तुम्ही झपाटून गेलात, वाचायला म्हणून मित्राकडून 'टेस्टिमनी' हे त्यांच्या आठवणी म्हणून छापलेले पुस्तक आणलेत, आणि त्याच सुमारास काकांच्या कपाटात मॉस्कोच्या प्रोग्रेस प्रकाशनाने १९८१ साली काढलेले शोस्ताकोविच यांच्या लेख-भाषणांचे इंग्रजी संकलन तुम्हाला सापडले. दोन्ही पुस्तकांत शोस्ताकोविच 'मी' म्हणून बोलतात, पण एकातला माणूस कम्युनिस्ट पक्षाचे आभार मानतो आणि दुसऱ्यातला त्याच राजवटीविषयी कडवटपणे बोलतो. तेव्हा खरा कोणता, असा तुमचा प्रश्न आहे. हीच दोन पुस्तके समोर ठेवून मीही बरीच वर्षे अडून राहिलो होतो, म्हणून सविस्तर लिहितो. मी संगीतशास्त्राचा अभ्यासक नाही आणि मला रशियन येत नाही, त्यामुळे पुढचे सारे एका हौशी पण चिकट वाचकाचे मत आहे असे समजून वाचावे.

१९३६ साली 'प्रावदा' या पक्षाच्या वृत्तपत्रातून शोस्ताकोविच यांच्या संगीतावर झालेला हल्ला, संगीतकारांविरुद्धचा पक्षाचा १९४८ चा ठराव वगैरे पार्श्वभूमी तुम्हाला ठाऊक आहे असे पोस्टवरून दिसते, म्हणून ती सोडून देतो. माझे स्पष्ट मत असे की या दोहोंपैकी कोणतेच पुस्तक आधी वाचू नये. प्रोग्रेसचे पुस्तक खोटे नाही; त्यातला मजकूर खरोखरच शोस्ताकोविच यांच्या नावाने छापून आला होता. परंतु त्या काळात अशी भाषणे आणि लेख पुष्कळदा दुसरेच कोणी लिहून देत आणि शोस्ताकोविच फक्त सही करत. आपल्याकडे सोव्हिएत पुस्तकांच्या प्रदर्शनांतून अशी पुस्तके अगदी स्वस्तात घरोघरी पोहोचली, आणि छपाई चांगली, किंमत कमी म्हणून ती जपलीही गेली. ती जरूर जपा, पण सरकारी कागद म्हणून वाचा.

'टेस्टिमनी'चा मामला अधिक गुंतागुंतीचा आहे. रशियन संगीत-अभ्यासक सोलोमन वोल्कॉव यांनी ते १९७९ साली, म्हणजे शोस्ताकोविच यांच्या मृत्यूनंतर चार वर्षांनी, न्यूयॉर्कमधून प्रसिद्ध केले. या शोस्ताकोविच यांनी स्वतः वोल्कॉव यांना सांगितलेल्या आठवणी असून प्रत्येक प्रकरण शोस्ताकोविच यांनी वाचून त्यावर सही केली आहे, असा वोल्कॉव यांचा दावा होता. पुढच्याच वर्षी लॉरेल फे या अमेरिकन संशोधक बाईंनी 'रशियन रिव्ह्यू' या नियतकालिकात लेख लिहून दाखवले की आठपैकी सात प्रकरणांत शोस्ताकोविच यांच्या पूर्वीच छापून आलेल्या लेखांतले लांबलचक उतारे जवळपास शब्दशः आले आहेत, आणि ते प्रकरणांच्या सुरुवातीला आहेत. पुढे 'टेस्टिमनी'च्या टंकलिखिताची प्रत पाहायला मिळाल्यावर फे यांना जे आढळले ते मला सर्वांत बोलके वाटते : सह्या आहेत त्या याच जुन्या मजकुराच्या पानांवर, आणि पान संपून दुसरे सुरू होताच मजकूर जुन्या लेखाची वाट सोडून वेगळा होतो. स्टालिनविषयीची जळजळीत वाक्ये सही नसलेल्या पानांवर आहेत. मूळ रशियन टंकलिखित आजतागायत प्रसिद्ध झालेले नाही, ही गोष्टही लक्षात ठेवावी.

आता माझी तक्रार, कारण तुम्हालाही त्याच वाटेने जावे लागू नये. हा १९८० चा लेख मिळवण्यात माझा जेवढा काळ वाया गेला तेवढा कशातच गेला नाही. एका मोठ्या संस्थेच्या ग्रंथालयात ते नियतकालिक होते. सूचीतले कार्ड मी स्वतः पाहिले होते, त्यावर दाखलांक होता आणि कोपऱ्यात पेन्सिलने रॅकचा क्रमांकही लिहिलेला होता. पण नियतकालिक रशियाविषयक म्हणून राज्यशास्त्राच्या विभागाकडे, आणि माझे काम संगीताचे. राज्यशास्त्रवाल्यांनी सांगितले की संगीत विभागप्रमुखांचे शिफारसपत्र आणा. संगीत विभागाने सांगितले की ते नियतकालिक आमचे नाही, आम्ही शिफारस कशी करणार. कसेबसे पत्र मिळाले तेव्हा तो खंड बाइंडिंगला गेला आहे असे उत्तर आले, आणि पुढे विचारायला जावे तेव्हा तो बाइंडिंगलाच असायचा. जागेवर उभे राहून काही पाने वाचू द्या, झेरॉक्सही नको, असे म्हटले तरी काउंटरवरचे गृहस्थ रजिस्टरमधून मान वर करत नसत. ज्यांच्या हाती किल्ल्या आहेत त्यांना वाचणारा माणूस अडचणीचा वाटावा, याचा मला आजही संताप येतो. आमच्या ऐकणाऱ्यांच्या मंडळात तोवर पाचव्या सिम्फनीच्या शेवटाचा एकच अर्थ, 'टेस्टिमनी'तला, म्हणजे तो आनंद धाकदपटशाने करवून घेतलेला आहे हा, वेदवाक्य होऊन बसला होता. तो अर्थ चुकीचा आहे असे मी म्हणत नाही. फक्त तो शोस्ताकोविच यांच्या तोंडचा आहे असे छातीठोकपणे सांगता येत नाही, आणि त्यावर बोलायला हातात कागद हवा होता.

तुम्ही या फेऱ्यात पडू नका. माल्कम हॅमरिक ब्राऊन यांनी संपादित केलेले 'अ शोस्ताकोविच केसबुक' २००४ साली आले. त्यात फे यांचा तो जुना लेख आणि टंकलिखितावरचा नवा लेख, दोन्ही एकत्र आहेत. एखाद्या संकेतस्थळावर खाते उघडून जुना लेख फुकट वाचता येतो का तेही पाहा. असे नियम बदलत असतात, म्हणून खात्री देत नाही. न्यायाच्या दृष्टीने दुसरी बाजूही सांगायला हवी : ॲलन हो आणि दिमित्री फिओफानॉव यांनी १९९८ साली 'शोस्ताकोविच रिकन्सिडर्ड' हा जाडजूड ग्रंथ काढून वोल्कॉव यांची बाजू हिरिरीने मांडली. मला तो वकिली थाटाचा वाटला, पण इतरांना तो पटलेला आहे.

मग वाचायचे काय? तुम्ही आठव्या क्वार्टेटपासून आलात हे फार बरे झाले, कारण पुस्तक पारखण्यासाठी यापेक्षा चांगली कसोटी नाही. जुलै १९६० मध्ये ड्रेस्डेनजवळच्या गोह्रिश गावी, चित्रपटाच्या संगीतासाठी गेले असताना, शोस्ताकोविच यांनी ते तीन दिवसांत लिहिले. छापील अर्पण आहे 'फॅसिझम आणि युद्धाच्या बळींना'. सरकारी पुस्तके तिथेच थांबतात. परंतु त्याच महिन्यात आपले मित्र इसाक ग्लिकमन यांना लिहिलेल्या पत्रात ते सांगतात की आपण मेल्यावर आपल्या स्मरणार्थ कोणी काही लिहील असे वाटत नाही, म्हणून आपणच लिहून टाकले, आणि मुखपृष्ठावर या क्वार्टेटच्या रचनाकारालाच अर्पण असे छापायला हरकत नाही. सुरुवातीला चेलोवर येणारे चार स्वर, रे, कोमल ग, सा आणि शुद्ध नी (सा म्हणजे पाश्चात्त्य सी धरून), जर्मन स्वरनामांनी (डी, एस, सी, एच) वाचले की शोस्ताकोविच यांच्या नावाची जर्मन आद्याक्षरे (D. Sch.) होतात, हे तुम्हाला माहीत असेलच. पत्र वाचल्यावर ते स्वर पुन्हा ऐकून पाहा.

ही पत्रे ग्लिकमन यांनी १९९३ साली रशियनमध्ये छापली, आणि 'स्टोरी ऑफ अ फ्रेंडशिप' हे अँथनी फिलिप्स यांचे इंग्रजी भाषांतर २००१ साली आले. पत्रे सेन्सॉरच्या नजरेखालून जाणार हे धरून लिहिलेली आहेत, त्यामुळे अर्थ पुष्कळदा ओळींच्या मागे दडलेला असतो. ग्लिकमन यांच्या टिपा वगळून वाचली तर निम्मे हाती लागणार नाही. १९५७ च्या अखेरीस ओडेसाहून पाठवलेले, नेत्यांच्या नावांची तीच ती यादी पुन्हा पुन्हा देणारे पत्र टिपेसह वाचा म्हणजे मी काय म्हणतो ते कळेल.

फे यांचे २००० सालचे चरित्र काहींना कोरडे वाटते. मला तो कोरडेपणा हवासा वाटला, कारण तारखा, प्रयोग आणि कागदपत्रे यांच्या पलीकडे त्या पाऊल टाकत नाहीत. तरीही एकच पुस्तक विकत घ्यायचे असेल तर एलिझाबेथ विल्सन यांचे 'शोस्ताकोविच : अ लाइफ रिमेम्बर्ड' घ्या. त्या स्वतः चेलोवादक, मॉस्कोच्या कॉन्झर्वेटरीत (संगीत महाविद्यालयात) विख्यात चेलोवादक रोस्त्रोपोविच यांच्या शिष्या. त्यांनी वादक, मित्र, नातेवाईक, विद्यार्थी यांच्या आठवणी एकत्र केल्या आहेत आणि कोण बोलत आहे, तो शोस्ताकोविच यांना कुठून ओळखत होता, हे दर वेळी सांगितले आहे. आठवणी एकमेकींशी जुळत नाहीत तिथे त्या तशाच ठेवल्या आहेत. पहिली आवृत्ती १९९४ ची आहे. विक्रेत्याला २००६ ची सुधारित आवृत्ती असल्याचे आधी विचारून घ्या, कारण जुन्या पुस्तकांच्या विक्रीत वर्ष न सांगता पहिलीच माथी मारतात. 'टेस्टिमनी' त्यानंतर खुशाल वाचा.